तालुक्याच्या गावचं जुनं साप्ताहिक: फाईल हाती आली तर ती वाचायची कशी?

दस्ता_रीम

मराठी वृत्तपत्रांचा इतिहास बहुतेक वेळा मुंबई-पुण्यातच फिरतो. ६ जानेवारी १८३२ चं 'दर्पण', मग 'प्रभाकर', 'ज्ञानप्रकाश', 'केसरी', आणि तिथेच मजकूर संपतो. पण साताऱ्याचं 'शुभसूचक' १८५८ चं आहे, 'बेळगाव समाचार' १८६३ चं, रत्नागिरीचं 'सत्यशोधक' १८७१ चं. वाईहून 'मोदवृत्त' निघायचं, इस्लामपूरहून 'प्रतोद'. मुकुंदराव पाटलांनी 'दीनमित्र' १९१० साली सोमठाण्यात सुरू केलं, पुढे नेवासा तालुक्यातल्या तरवडीत नेलं आणि १९६७ पर्यंत खेड्यातूनच चालवलं. जिल्ह्याचं ठिकाण नाही, रेल्वे दारात नाही, तरी पत्र निघत राहिलं.

अशा पत्रांच्या फायली वाचनालयांत, वाड्यांच्या माळ्यावर, बंद पडलेल्या छापखान्यांत अजून सापडतात. त्या चाळणारे लोक अग्रलेख वाचतात आणि बाकीचं सोडून देतात. माझं ठाम मत आहे की छोट्या गावच्या पत्राचा इतिहास आधी छापखान्याचा इतिहास आहे. पानं किती, अंक कोणत्या वारी, ताजी बातमी कुठल्या पानावर, हे संपादकाच्या मनापेक्षा घरात खिळे, म्हणजे शिशाची सुटी अक्षरं, किती होते यावर ठरायचं.

हिशेब करून बघा. डेमी कागद १८ × २३ इंच, एक घडी घातली की ११॥ × १८ ची चार पानं. पानाला चार रकाने, १२ पॉइंटचा टाईप, रकान्याला साधारण ९० ओळी, ओळीला मोकळ्या जागांसकट वीसबावीस खिळे. म्हणजे रकान्याला सुमारे २,०००, पानाला ८,००० आणि अंकाला ३२,००० खिळे. सराईत जुळारी, म्हणजे खिळे जुळवणारा, तासाला हजारेक खिळे लावतो. अंक उभा करायलाच ३२ तास गेले. प्रूफ, दुरुस्ती आणि छापून झाल्यावर खिळे परत खणांत टाकणं हे आणखी वेगळं. एका जुळाऱ्याचा आठवडा त्यातच संपतो. त्यामुळे मनुष्यबळ तेवढंच असलेलं साप्ताहिक दैनिक होऊच शकत नव्हतं, मग गावात बातम्या कितीही असोत.

वजनाचंही तसंच. जुळलेल्या टाईपचं वजन ४ चौरस इंचाला साधारण एक पौंड धरतात. ९ × १५ इंच मजकुराचं पान म्हणजे ३४ पौंड, १५ किलोच्या आसपास शिसं. चारही पानं एकदम उभी ठेवायची तर ६० किलो टाईप अडकून पडतो, आणि खणांत हात घालायला तेवढाच पुन्हा शिल्लक लागतो. लहान छापखान्याकडे तो नसे. म्हणून आधी १ आणि ४ ही पानं छापायची, खिळे सोडवायचे, मग २ आणि ३ जुळवायची. जाहिराती न सोडता तशाच उभ्या ठेवलेल्या असत, त्या पहिल्या फेरीत जात. जुन्या अंकात मोठी बातमी आतल्या पानावर दिसली की लोक म्हणतात, संपादकाने ती दडवली. तसं नसतं. आतलं पान शेवटी छापलं जाई, म्हणून ताजं ते आत.

---

शिळाछाप

धागा उत्तम. एक भर. फाईल १८८० च्या आधीची असेल तर प्रथम ती खिळ्यांची आहे की शिळाछापाची (दगडावर लिहून छापलेली) हे ठरवा, कारण वरचा सगळा हिशेब शिळाछापाला लागू होत नाही.

अंक उलटा करून पानाच्या पाठीवरून बोट हलकं फिरवा. खिळ्यांनी कागद दाबलेला असतो, पाठीला खडबड लागते, तिरप्या उजेडात ओळी उठलेल्या दिसतात. शिळेवरचा छाप सपाट. मग एकाच ओळीतले तीन 'क' भिंगाखाली धरा. खिळ्यांचे 'क' एकाच साच्यातले असतात. शिळेवर हाताने लिहिलेलं असल्याने प्रत्येक 'क' थोडा निराळा, आणि ओळीच्या शेवटी जागा कमी पडली की अक्षरं आवळलेली.

शिळाछापाला भांडवल कमी. एक दगड, तेलकट शाई, चांगलं वळण असलेला लेखक आणि दाबयंत्र. खिळे ओतून आणायचे नाहीत. म्हणून लहान गावी हा मार्ग सोपा पडे. पण दगड घासून पुन्हा वापरायचा असल्याने जुना मजकूर उभा ठेवता येत नाही. जाहिरात दर अंकाला नव्याने लिहावी लागते. फाईलमध्ये तीच जाहिरात दर आठवड्याला वेगळ्या वळणात दिसली तर त्याचं कारण हे.

---

खिळे_मोजणारा

दस्ता_रीम, तुमच्या हिशेबाला फाईलमध्येच पुरावा मिळतो. अंकाची चार पानं एकसंध घडीची आहेत की दोन सुटे कागद एकात एक घातलेत ते पाहा. सुटे कागद असतील तर बहुधा ट्रेडलवर, म्हणजे लहान छापयंत्रावर, एकेक पान छापलंय. हजार प्रतींना २,००० सुटे कागद, दोन्ही बाजू, म्हणजे ४,००० छाप. पायाने चालवलेल्या ट्रेडलवर तासाला ८०० धरले तर पाच तास, तेही शाई, दाब, फाटलेला कागद यांसाठी कुठे न थांबता. एकसंध घडी असेल तर हातप्रेस किंवा सिलिंडर, आणि छाप निम्मे. कागद मात्र दोन्हीकडे सारखाच: हजार पूर्ण ताव म्हणजे ५०० च्या दोन रिमा, शिवाय पन्नासेक ताव वाया जाण्यासाठी. सुट्या कागदांवरून घडीवर आलेला पहिला अंक सापडला की छापखान्याने मोठं यंत्र कधी घेतलं ते कळलं.

आता चुकांबद्दल, कारण इथे फार गैरसमज आहेत.

ओळीत मधेच दोन छोट्या काळ्या पट्ट्या दिसतात. ती सेन्सॉरची खूण नव्हे. एखादं अक्षर खणातून संपलं की जुळारी त्याच जाडीचा दुसरा खिळा उलटा लावून जागा धरतो. खिळ्याच्या तळाला मधे खाच असते, म्हणून दोन पट्ट्या उमटतात. योग्य अक्षर मिळाल्यावर तो बदलायचा असतो, घाईत राहून जातो. अशी जागा कोणत्या अक्षराची हे संदर्भावरून लावत गेलात तर त्या छापखान्याला कोणते खिळे नेहमी कमी पडत ते समजतं. जोडाक्षरं आधी संपतात.

रफार, अनुस्वार, वेलांट्या गळालेल्या दिसतात त्याचं कारण खिळ्याचा आकार. अखंड पद्धतीत अक्षर मात्रेसकट एका खिळ्यावर असतं, त्यामुळे प्रकार अफाट आणि केस, म्हणजे खिळ्यांच्या खणांची पेटी, प्रचंड मोठी. डिग्री पद्धतीत मधे अक्षर, वर मात्रा-वेलांटीचा आणि खाली उकाराचा वेगळा तुकडा. प्रकार कमी होतात, पण जुळणी तीन थरांची, आणि अंगाबाहेर आलेलं रफाराचं टोक दाबाखाली मोडतं. मोडलेला खिळा लहान छापखाना लगेच टाकून देत नाही. 'कार्य' चं 'काय' होतं ते असं.

'अि, अी, अु' असं छापलेलं दिसलं तर ती सावरकरांची लिपिसुधारणा. काही छापखान्यांनी ती घेतली. स्वरांचे वेगळे खिळे वाचतात, हा व्यवहारी भागही तिच्यात होता.

---

अनुस्वार

अंकावरची तारीख फाटलेली असेल तर लेखनावरून काळ बांधता येतो. 'केलें', 'नाहीं', 'घरांत', 'कांहीं' असे अनुस्वार नेमाने असतील तर अंक बहुधा १९६२ च्या आधीचा. साहित्य महामंडळाचे नियम १९६२ साली शासनाने स्वीकारले, १९७२ मध्ये चार नियमांची भर पडून ते अठरा झाले. मात्र हे पक्कं नाही. जुने जुळारी आणि जुने संपादक पुढेही वर्षानुवर्षं अनुस्वार देत राहिले. दिले म्हणून जुनाच, असं छातीठोक सांगू नका. वगळलेत म्हणून नवा, हे बरंच सुरक्षित, पण वर सांगितलेला मोडका खिळा लक्षात ठेवा. एकाच शब्दात कधी आहे कधी नाही असं दिसलं तर तो खिळ्याचा दोष.

शके दिले असतील तर ७८ मिळवा, पण शक चैत्रात बदलतो. जानेवारी ते गुढीपाडवा या काळातल्या अंकाला ७९ मिळवावे लागतात. त्यानंतर तारीख आणि वार जुळतात का ते तपासा. साप्ताहिकाचा वार ठरलेला असतो ('केसरी' चा मंगळवार, ४ जानेवारी १८८१ पासून). फाईलमधला एखादाच अंक भलत्या वारी निघाला असेल तर तारीख चुकीची छापलीये किंवा अंक उशिरा निघालाय. 'वर्ष १२ वे, अंक ३४' यावरून मोजताना वर्षाला ५२ धरू नका. दिवाळीची सुट्टी, कागद न मिळणं, जोडअंक यांनी ते ५० च्या खाली येतं.

---

मुद्रक_प्रकाशक

शेवटच्या पानाच्या तळाशी बारीक टाईपातली ओळ कुणी वाचत नाही. 'हे पत्र अमुक यांनी तमुक छापखान्यात छापून अमुक ठिकाणी प्रसिद्ध केले.' छापखाने आणि पुस्तकनोंदणीच्या १८६७ च्या कायद्याने मुद्रक, प्रकाशक आणि दोन्ही ठिकाणं छापणं सक्तीचं होतं. संपादकाचं नाव छापण्याची सक्ती १९२२ च्या दुरुस्तीनंतरची. म्हणून १९२२ च्या आधीच्या अंकावर संपादकाचं नाव नसलं तर त्यात गूढ काही नाही.

ही ओळ प्रत्येक अंकातून उतरवून काढा: तारीख, मुद्रक, प्रकाशक, छापखाना. पन्नास वर्षांची फाईल असेल तर तक्ता दोन दिवसांत होतो, आणि पत्र कुणाच्या हातातून कुणाच्या हातात गेलं ते अग्रलेखांपेक्षा स्पष्ट दिसतं. मुद्रक बदलला आणि प्रकाशक तोच, म्हणजे छापखाना विकला किंवा गहाण गेला. दोन्ही एकदम बदलले, म्हणजे पत्रच विकलं. १९५६ नंतर काम आणखी सोपं आहे. फेब्रुवारी संपल्यावरच्या पहिल्या अंकात 'नमुना ४ (नियम ८)' चं निवेदन शोधा. मालक, भागीदार, मुद्रक, संपादक, सगळे पत्त्यानिशी.

या माहितीचा जोड कागद म्हणजे जिल्हा दंडाधिकाऱ्यापुढचं घोषणापत्र. तिथे नेहमी होणारी चूक अशी की लोक आजच्या जिल्ह्यात शोधतात. सांगली जिल्हा १९४९ साली दक्षिण सातारा म्हणून वेगळा निघाला, त्यामुळे इस्लामपूरचा १८९७ चा कागद साताऱ्याच्या दप्तरात असणार. सिंधुदुर्ग १९८१ च्या आधी रत्नागिरीत, जालना औरंगाबादेत, लातूर १९८२ पर्यंत उस्मानाबादेत. मराठवाड्याला आणखी एक पायरी आहे: १९४८ च्या आधी निजामाचं राज्य, तिथे १८६७ चा ब्रिटिश कायदा नाही, दप्तर उर्दूत.

---

प्रतोद_वाचक

'प्रतोद' चा उल्लेख आला म्हणून. १८९७ मध्ये टिळकांवरच्या खटल्याबरोबर 'प्रतोद' आणि 'मोदवृत्त' यांच्यावरही राजद्रोहाचे खटले झाले. 'प्रतोद' चं अपील मुंबई उच्च न्यायालयात तीन न्यायमूर्तींच्या पीठापुढे चाललं, त्यात न्यायमूर्ती महादेव गोविंद रानडे होते. जुन्या दंड संहितेतल्या राजद्रोहाच्या १२४ अ कलमातल्या 'अप्रीती'चा अर्थ लावताना हा निवाडा पुढे वारंवार निघत आला. तालुक्याच्या गावच्या पत्राने कायद्याच्या पुस्तकात जागा मिळवली आणि आपल्याला त्याचं नावही ठाऊक नसतं, याचं मला खरंच वाईट वाटतं.

मूळ अंक मिळाले नाहीत तरी अशा पत्रांतला मजकूर सापडू शकतो. मुंबई सरकार १८६८ पासून देशी वर्तमानपत्रांतल्या मजकुराचा इंग्रजी गोषवारा दर आठवड्याला काढत असे. तो मुंबईच्या राज्य पुराभिलेखागारात आहे. सोबत पत्रांची यादी असते: नाव, गाव, किती दिवसांनी निघतं, संपादक, खप. जिल्हा गॅझेटिअरमध्येही त्या काळच्या पत्रांची नोंद मिळते. रत्नागिरी-सावंतवाडीचा खंड १८८० चा, साताऱ्याचा १८८५ चा.

---

खिळे_मोजणारा

यातला खपाचा आकडा जपून वापरा. तो मालकाने सांगितलेला किंवा स्थानिक अधिकाऱ्याने अंदाजलेला असतो. शिवाय गोषवारा सरकारला खुपलेल्या मजकुराचा. त्यावरून पत्र जहाल होतं असं म्हणाल, आणि प्रत्यक्ष फाईल उघडली तर निम्मा अंक पाऊसपाणी, बाजारभाव, गुरांचा रोग आणि म्युनिसिपालिटीच्या दिव्यांवर असतो.

---

व्हीपी_परत

पैशांबद्दल अजून कुणी बोललं नाही आणि पत्रं बंद पडली ती मुख्यतः त्यामुळे.

जुन्या मथळ्याखाली वर्गणीचे दोन दर दिसतात: आगाऊ भरली तर एक, मागाहून भरली तर जास्त, डाकहशील वेगळा. मागाहून भरणारे भरत नसत. वसुलीसाठी वर्षाचा अंक व्ही.पी.ने पाठवायचा, पोस्टमन पैसे घेऊन अंक देणार. वर्गणीदाराने व्ही.पी. नाकारली की वर्षभराचे अंकही गेले आणि परतीचं टपालही अंगावर. 'व्ही.पी. परत करून आमचे नुकसान करू नये' ही विनंती आणि त्याखालची 'पोहोच', म्हणजे वर्गणी पोचलेल्यांची यादी, फाईलमधून उतरवून घ्या. गावोगावचे वर्गणीदार त्यात नावानिशी असतात. खपाचा याहून भरवशाचा पुरावा नाही. वृत्तपत्रांना मिळणारी टपालदराची सवलत स्वतंत्र भारतातही टिकली. टपालखात्याकडे नोंदलेल्या पत्राला किमान ५० खरे वर्गणीदार लागत, दोन अंकांत ३१ दिवसांपेक्षा जास्त अंतर चालत नसे, आणि मग अंक सवलतीच्या दरात जाई.

दुसरा आधार नोटिसांचा. 'जाहीर नोटीस', लिलाव, वारसाचे दाखले, नगरपालिकेच्या निविदा. सबंध पान नोटिसांचं असलं तर त्याला कमी लेखू नका, त्या पानावर पत्र जगलं. यातली एक कायदेशीर बाब इतिहास लिहिताना सुटते. दिवाणी प्रक्रिया संहितेत १९७६ च्या दुरुस्तीने असं आलं की समन्स वर्तमानपत्रातून बजावायचं तर ते त्या भागात खपणारं दैनिक हवं. भूसंपादनाच्या प्राथमिक अधिसूचनेसाठी १९८४ च्या दुरुस्तीने दोन दैनिकं लागू लागली, त्यातलं निदान एक प्रादेशिक भाषेतलं. साप्ताहिक दोन्हीकडून बाहेर. जुनं साप्ताहिक १९८० नंतर एकाएकी 'दैनिक' झालं, पानं चारच आणि बातम्या तेवढ्याच, तर मी आधी या दोन तरतुदींकडे बघेन.

---

रूळ_आणि_शाई

पावसाळ्यातले अंक पुसट किंवा डागाळलेले का, हा प्रश्न नेहमी येतो, म्हणून लिहितो. जुने शाईचे रूळ रबराचे नसत. सरस आणि काकवी किंवा गूळ गरम करून साच्यात ओतत. सरस हवेतलं पाणी ओढतो. जून-जुलैत रूळ मऊ आणि फुगीर होतात, खिळ्यांच्या बाजूंनाही शाई लागते, अक्षरांची पोटं भरतात. एप्रिल-मेमध्ये उकाड्याने रूळ पाघळतात. कोकणातल्या फायलीत हा फरक महिन्यागणिक दिसतो. म्हणून स्कॅन करताना पावसाळी अंकांना वेगळी सेटिंग ठेवा.

चित्रांचंही तेच. जस्ताचा ब्लॉक लाकडावर ठोकून त्याची उंची खिळ्याएवढी, २३.३ मिलिमीटर करायची. लाकूड ओलाव्याने फुगलं की चित्र काळं पडतं आणि शेजारच्या दोन ओळी उमटत नाहीत. ब्लॉक बहुधा मोठ्या शहरातून करून आणावा लागे, म्हणून एकाच पुढाऱ्याचा एकच फोटो पंधरा वर्षं चालतो. फोटोवरून प्रसंगाची तारीख ठरवू नका.

---

फाईल_जपा

जतनाबद्दल, चुका जिथे होतात तिथूनच.

पावसाळ्यानंतर फायली उन्हात घालणं आधी थांबवा. वृत्तपत्राचा कागद यांत्रिक लगद्याचा, त्यातलं लिग्निन उजेडाने आणि हवेने तपकिरी पडतं आणि कागद मोडतो. वाळवायचं तर सावलीत, पंख्याखाली. सेलोटेप नको, लॅमिनेशन त्याहून नको. फाटलं असेल तर पातळ जपानी टिश्यू आणि गव्हाच्या सत्त्वाची खळ. बाइंडरकडची मोरचूद घातलेली खळ किडीला दूर ठेवते, पण तांब्यामुळे कागद लवकर खराब होतो, त्यामुळे ती नव्या वह्यांपुरती ठीक. गंजलेल्या पिना ओढू नका. पाठीमागून पातळ पात्याने पाय सरळ करा, मग काढा.

पुरात भिजलेली फाईल (चिपळूणने २००५ आणि २०२१ मध्ये हे पाहिलंय) जागेवर उघडू नका. ४८ तासांत बुरशी धरते. गठ्ठे प्लास्टिकमध्ये गुंडाळून डीप फ्रीझरमध्ये टाका, नंतर थोडे थोडे काढून टीपकागद घालत वाळवा. बर्फखान्याची सोय आधी बोलून ठेवावी लागते.

स्कॅन ३०० ते ४०० डीपीआय, रंगीत, टिफ. फक्त काळा-पांढरा स्कॅन केला तर वर सांगितलेले मोडके अनुस्वार कायमचे जातात. नाव 'वर्ष-महिना-तारीख-पान' अशा क्रमाने, म्हणजे फायली आपोआप ओळीत लागतात. बाइंडिंग घट्ट असेल तर आतला रकाना अर्धा कापला जातो. तिथे फाईल सपाट दाबू नका, ९० अंशांत उघडून वरून कॅमेऱ्याने घ्या.

हक्कांचं: लेखकाचं नाव नसलेल्या मजकुराला प्रसिद्धीनंतर ६० वर्षं, नाव असेल तर लेखकाच्या मृत्यूनंतर ६० वर्षं.

---

पेजमेकर

सगळे शंभर वर्षांपूर्वीच्या कागदाची काळजी करताहेत. १९९२ ते २०१० मधले अंक त्याहून धोक्यात आहेत. खिळे मोडीत निघाले, डीटीपी, म्हणजे संगणकावरची जुळणी, आलं, बटर पेपरवर लेझर प्रिंट, त्यावरून ऑफसेटची प्लेट. मजकूर श्रीलिपी, आकृती किंवा डीव्हीबी-टीटी फॉन्टात, पानं पेजमेकरमध्ये. आज ती फाईल उघडली तर रोमन अक्षरांचा कचरा दिसतो, आणि लोक ती खराब झाली म्हणून पुसतात. ती खराब नसते, फॉन्ट नसतो.

आधी सगळ्या फॉन्टच्या फायली मजकुराच्या शेजारीच जपा, कारण एकाच कंपनीच्या दोन आवृत्त्यांत अक्षरांचे क्रमांक वेगळे असतात. पेजमेकर ६ आणि पुढच्या आवृत्त्यांच्या फायली जुन्या इनडिझाइनमध्ये, सीएस ६ पर्यंत, उघडतात. फॉन्ट बसवून पीडीएफ काढा, म्हणजे पान निदान डोळ्यांना वाचता येईल. त्यानंतर युनिकोड रूपांतर. तिथे ऱ्हस्व वेलांटी, रफार आणि 'ऱ्य' हमखास चुकतात. पहिल्या वेलांटीचा क्रम तर जवळजवळ दर शब्दाला तपासावा लागतो. संस्थांनी सीडी ठेवल्या असतील तर त्या या महिन्यातच उतरवून घ्या. थर सुटलेली सीडी परत वाचता येत नाही.

---

दस्ता_रीम

मुद्रक_प्रकाशक यांच्या तक्त्यात मी दोन रकाने वाढवायला सुचवेन: कागद सुटा की घडीचा, आणि उलट्या खिळ्यांची संख्या. तारीख, मुद्रक, प्रकाशक, छापखाना, कागद, उलटे खिळे. सहा रकाने. दुसऱ्या महायुद्धातल्या कागदटंचाईच्या वर्षांत अंकाची उंची इंचांत मोजून सातवा रकाना करा. चार पानांची दोन झाली हे लगेच लक्षात येतं, पण पान दीड इंचाने कापलं गेलं ते पट्टी लावल्याशिवाय दिसत नाही.